देवी काढा

माझ्या बायकूच्या अंगात मरीआई यायची, आन् मरीआई काय बोलली त्ये मी लोकायला उलगडून सांगायचो. चाळीस वर्सं आमचं दोघायचं आसं चाललं. ती बोलायची, मी सांगायचो. गावाला वाटायचं आपुन देवीचं ऐकतो. खरं इचाराल तर ऐकायचे त्ये माझं. हे आधीच सांगून टाकतो, मागून कुनी म्हनाया नको का केरबानं दडवलं. दडवायचं तेवढं दडवून झालंय.

तिचं नाव दगडाबाई. अंगानं काटकुळी, आन् छातीत दमा. चुलीपुढं बसली का खोकून खोकून डोळ्याला पानी यायचं, पर मेंढराच्या मागं दिवसभर चालायला मला हटायची नाय. अंगात यायच्या येळंला मातर तीन गडी आवरायला लागायचे. शुद्धीवर आली का तिला काईच ठावं नसायचं. पदर सावरायची, पानी मागायची आन् मला इचारायची, "काय बोलले वं मी?" मी सांगन त्येच तिच्यासाठी खरं. लई भरोसा तिचा माझ्यावर.

आमची वाडी देवगाव रंगारीच्या पल्याड, तीन कोसावर. पन्नाससाठ उंबरा. मेंढरं माझी सव्वाशे हुती, दोन वर्सामागच्या दुष्काळात निम्मी मेली. राहिली त्यायला चरायला रान पायजे, आन् रान कुठं राहिलंय? शहर आमच्यापासनं लांब हाय, पर प्लॉटवाले लांब नव्हते. हायवेकडंचा सगळा माळ त्यायनं तार ओढून, दगड रोवून ठिवलेला. आत गवत उभ्या उभ्या वाळून जायचं, पर मेंढरानं तोंड घातलं का वाचमन काठी घेऊन धावायचा. आमचा पोरगा अंगद शहरातच कंपनीत हुता. टाळेबंदीत काम सुटलं तवा बायकूला घेऊन वाडीवर आला. सून प्रांजली दहावी शिकलेली, मोबाईल तिच्याच हातात. ती रोज काई ना काई वाचून दाखवायची.

"मामा, साठीच्या वरच्यायला सुई द्यायला लागलेत. आत्याबाईला दमा हाय. त्यायला पयली द्या."

तिच्या सांगन्यावरनं मी फागुनात बाजाराच्या गावी गेलतो. म्हनलं आधी आपुन घेऊन पाहू, मंग दगडीला आनू. शाळंपुढं हीऽऽ रांग. उन्हात तासभर उभा राहिलो. माझ्या अंगावर घोंगडं, पहाटं एक मेंढी इली हुती, तिचं सगळं हाताला लागलेलं. मागचा एक पांढऱ्या कपड्यातला मानूस नाकाला रुमाल लावून म्हनला, "बाबा, मेंढरं बाहीर बांधलीत का खिशात घातलीत? काय घान सुटलीय!" रांग खदाखदा हसली. एक पोरगी सुदीक हसली, माझ्या नातीयेवढी. मी म्हनलं, "वास मेंढराचा हाय, तुमच्यावानी मानसाचा नाय." आसं म्हनलो खरं, पर पाय राहिले नाय तिथं. तसाच माघारी आलो. घरी सांगितलं, सुई संपली म्हनं.

पयल्या साली ह्यो रोग आमी टीव्हीवर पाहिला. दुसऱ्या साली चैताच्या तोंडाला त्यो उंबरा चढला. आठ दिवसात वाडीत तीन मयती झाल्या. तिसऱ्या मयतीला खांदा द्यायला चार गडी मिळंनात. सरपंच सर्जेराव माझ्या दारात आला, तोंडाला उपरनं बांधून, लांब उभा राहून म्हनला, "केरबा, आईला इचार. दुसरं कुनी राहिलं नाय इचारायला."

मंगळवारी सकाळी मरीआईच्या निंबाखाली वाडी गोळा झाली. दगडाबाई न्हाऊन, केस मोकळे सोडून बसली. हळद टाकली, निंबाचा डहाळा हातात दिला, डफ वाजला. थोड्या येळानं तिचे खांदे उडाया लागले. मान गरागरा फिराया लागली. गड्यायनं धरली. आन् ती बोलली. आवाज तिचा नव्हता, लहान पोरीवानी बारीक हुता, रडका.

"देवी काढा रं... देवी काढा... समद्यायच्या देवी काढा..."

तीनदा आसंच म्हनली आन् पडली.

सगळे माझ्या तोंडाकडं पाहू लागले. मी नारळ हातात घेतला, डोळे मिटले. देवी काढा म्हंजी काय? मला त्यात उलगडायचं काईच दिसलं नाय. देवी वाडीत कोंडली, तिला बाहीर काढा. मपल्या बापाच्या बखताला पटकी आली तवा मरीआईचा गाडा शिवेपार नेऊन सोडला हुता. मी म्हनलं, "आई म्हनती, मला वाजतगाजत शिवेबाहीर काढा. गाडा करा. समद्यायनी या, एक घर मागं राहाया नको."

इथवर मी चुकलो. चूक मानसाच्या हातनं व्हती. पुढचं मातर चूक नव्हती.

जुनी रीत हाय, गाडा निघाला का पाच मंगळवार गाव बांधलेलं ऱ्हातं. घरात फोडनी द्यायची नाय, सुईला हात लावायचा नाय. आता ही रीतीतली सुई म्हंजी वाकळ शिवायची सुई. सगळ्यायला ठावं हाय. पर माझ्या डोळ्यापुढं ती हसनारी रांग आली. तोंडातनं निघून गेलं, "पाच मंगळवार फोडनी नाय. आन् अंगाला सुई लावायची नाय."

अंगाला. एवढा एक शब्द मी मपल्या पदरचा घातला. कुनाच्या ध्यानात आलं नाय. प्रांजलीच्या आलं. ती माझ्याकडं पाहत राहिली, पर सासऱ्याला चारचौघात काय बोलनार?

दगडाबाई शुद्धीवर आली. पानी पिली. "काय बोलले वं मी?"

"गाडा काढा म्हनलीस. पाच मंगळवार सुई नाय."

"आसं म्हनले?" तिनं केसाची गाठ मारली. "बरं मंग."

त्या साली पाडवा मंगळवारीच आला. वाडीत गुढ्या उभारल्या नाय, गाडा काढला. लाकडाचा, हातभर उंचीचा. त्यात हिरवं लुगडं, बांगड्या, दहीभात, लिंबू. समद्यायनी या म्हनलं हुतं, तर समदे आले. खोकनारे आले, तापानं फनफनलेले आले. आज्या नातवायला कडंवर घेऊन आल्या. गाड्याच्या दोरीला हात लागावा म्हनून एकमेकायच्या अंगावर पडत हुते. डफ, हलगी, आईचा उदो उदो. पुढं दगडाबाई, उन्हात, अनवानी, धापा टाकीत.

शिवेवर गेलो तर शिव राहिली नव्हती. जिथं बाप गाडा सोडून आला हुता तिथं तारंचं कुंपन आन् लोखंडी फाटक. वाचमन बिहारकडचा पोरगा. "आगे मत लाओ, साहब की जगह है." सर्जेरावानं त्याला हात जोडले. आता बोला! सरपंचानं वाचमनपुढं हात जोडायचे, आन् आमची देवी फाटकापुढं ताटकळत उभी. वाचमननं साहेबाला फोन लावला. साहेब फोन उचलंना. दीड तास आख्खी वाडी त्या फाटकाशी एकमेकायच्या श्वासात उभी राहिली. शेवटी चौघायनी गाडा तारंवरनं पल्याड ढकलला. त्यो उलटा पडला, दहीभात मातीत सांडला. मागं वळून पाहायचं नसतं, म्हनून कुनी पाहिलं नाय.

दुसऱ्या आठवड्यात हैदर आला. त्यो देवगावचा मेंढराचा व्यापारी, बापाच्या बखतापासनं आमचा घरोबा. रोजे चालू हुते, ओठ वाळलेले. कोकरं पाहता पाहता म्हनला, "केरबाभाऊ, सुई घेतली का नाय?"

"तुमच्यात घेतली?"

"अरे, आमची अम्मी पयले अडून बसली. रोजा है, सुईनं रोजा तुटंल. मोहल्ल्यात सगळ्या बायाचं त्येच. कुनी म्हने रमजान होऊ द्या, कुनी म्हने ह्यात कायबाय हराम हाय. मंग मौलाना साबनं मशिदीतनं भोंग्यावर सांगितलं, सुई पोटात जात नाय, रोजा तुटत नाय, जान वाचवनं फर्ज हाय. दुसऱ्या दिशी अम्मीच पयली रांगेत! एका मानसाच्या जबानीवर आख्खा मोहल्ला हलला बघा." त्यानं दगडाबाईकडं पाहिलं. "तुमच्यात आसं कोन सांगतं, भाबी?"

दगडाबाई कोकराचं तोंड पुशीत हुती. माझ्याकडं बोट करून हसली. "हेच सांगत्यात की!"

मी काठी उचलली आन् मेंढरं पानीला न्यायचा बहाना केला.

त्याच आठवड्यात जनावराच्या डाक्टरचा मानूस आला. शेजारच्या वाडीला मेंढरायला देवी आल्या हुत्या. तोंडावर, थानावर फोड, कोकरं पटापटा मरत हुती. त्याच्यावरची सुई टोचून घ्यायची हुती. आता म्हनाल, पाच मंगळवार सुई नाय ना? तर त्ये मानसाला. मेंढराच्या सुईला मी वाडीत कायम सगळ्याच्या आधी पळायचो. मेंढरू मेलं का पोट मेलं, ह्ये मला कळत हुतं.

वाघूर लावलं, जाळीत मेंढरं कोंडली. मी एकेक मेंढी ओढून आनायचो, दगडाबाई मागचे पाय धरायची, त्यो मानूस मांडीच्या आतल्या कातड्यात टोचायचा. ऊन वर आलं. मेंढराच्या लेंड्याची धूळ, घाम, लोकर तोंडात जायची. चाळीस मेंढ्या झाल्या तवा दगडाबाई कंबरंवर हात देऊन उभी राहिली, दम खात. त्या मानसाला म्हनली,

"झाल्या का रं बाबा समद्यायच्या देवी काढून?"

त्यो हसला. "आजी, लई जुनं बोलता. आता लस म्हंत्यात."

"आमच्या लहानपनी देवी काढनंच म्हनायचे. मानसाच्या सुदीक आशाच काढायचे. सुईवाला गावात आला का बोंब उठायची, देवी काढनारा आला, पळाऽऽ! म्या घेतली. मला बापानं धरून ठिवलं हुतं." तिनं चोळीची बाही वर सारली. डाव्या दंडावर दोन वन, चवन्नीयेवढे, कातडं आत ओढलेलं. चाळीस वर्सं त्या दंडाशेजारी निजलो, कदी इचारलं नाय त्ये कशाचं म्हनून. "मपली बहीन सरू, धाकली. ती पळाली आन् दान्याच्या कनगीत लपून बसली. माय म्हनली, ऱ्हाऊ दे, रडती लेकरू. मंग सरूला देवी आल्या. डोळ्यात बी आल्या. जीव जाताना बडबडायची, बाई, मपल्या देवी काढा, मपल्या देवी काढा. आता काय काढतीस!" तिनं बाही खाली ओढली. "आना, पुढली आना."

माझ्या हातातली मेंढी सुटून गेली.

त्या दिशीचा त्यो बारीक, रडका आवाज. समद्यायच्या देवी काढा. समद्यायच्या! देवीला काढा नाय म्हनली. समद्यायच्या देवी काढा म्हनली.

 उरलेल्या मेंढ्या कशा धरल्या मला ठावं नाय. दगडाबाई वराडली, "अवं, शिंगाला काय धरता, मान मोडंल तिची!" त्यो मानूस गेल्यावर मी वाघराच्या मागं जाऊन बसलो. देवी बोलली का सरू बोलली का दगडीचं मन बोललं, त्ये मला आजून सांगता यायचं नाय. पर काय बोलली त्ये कळलं हुतं. सुई घ्या म्हनली हुती. आन् मी वाडीला सांगितलं, सुई घेऊ नका.

आता? उठून सांगावं? केरबा चुकला म्हनून सांगावं? चाळीस वर्सात वाडीनं मला दुसऱ्या कशाला मान दिला नाय. मेंढक्याला कोन इचारतं! लगनात, पंचायतीत जी काय खुर्ची मिळायची ती ह्या उलगडून सांगन्याची. म्हनलं, तीनच आठवडे राहिलेत. पाच मंगळवार झाले का आपुनच दगडीला घेऊन जाऊ, मंग वाडी बी येईल. तीन आठवड्यात काय आभाळ कोसळतंय?

भित्र्या मानसाला कारनं लवकर सापडत्यात.

तिसऱ्या मंगळवारानंतरच्या बिस्तरवारी वाडीच्या शाळंत सुईचा कँप आला. यास्मिन सिस्टर, तिच्यासंगं एक टेबल, एक रजिस्टर आन् निळा बर्फाचा डबा. पोरगीच, पस्तिशीची. रोजा धरलेला, बेचाळीस डिग्रीत घोटभर पानी नाय. वरांड्यात बसली आन् कुनी येतंय का पाहत राहिली. लोक आले, पर निंबाखाली उभे. कुनी वरांडा चढंना.

आन् मपल्या घरी दगडाबाई न्हाऊन, लग्नातलं लुगडं नेसून उभी! प्रांजलीनं तिची येनी घातली हुती.

"मी घेते वं," मला म्हनली. "मला भ्या नाय वाटत. लहानपनी घेतली की. आन् ह्या प्रांजलीला बरं वाटंल."

आमी शाळंपुढं गेलो. सर्जेराव पुढं झाला. "केरबा, दगडाबाई घेत आसंल तर आमी बी घेतो. आईचं मानूसच घेतंय म्हनल्यावर आमची काय अडचन? पर तू सांग. आईनं सोडलं का?"

 यास्मिन सिस्टर उठून उभी राहिली. "काका, बाटली फोडली की दहा जणांना पुरते. चार तासांत संपवावी लागते, नाहीतर फेकायची. एकट्यासाठी फोडता येत नाही मला. तुम्ही हो म्हणा, दहा काय, शंभर होतील."

दगडाबाईनं बाही वर केली हुती. वन दिसत हुते.

मला फकस्त एवढंच म्हनायचं हुतं का म्या चुकीचं उलगडलं. तीन शब्द. हैदरच्या मौलानानं भोंग्यावरनं सांगितलं तसं.  समोर सर्जेराव, समदे, माझ्या तोंडाकडं डोळे लावून. एवढ्या डोळ्यापुढं लहान व्हायचं माझ्यानं झालं नाय.

"आजून दोन मंगळवार राहिलेत," मी म्हनलं.

प्रांजली रडकुंडीला आली. "मामा! अवो मामा, दमा हाय त्यायला!"

"तिच्याच तोंडची बोली हाय. मी काय मपल्या मनचं सांगतो का?"

दगडाबाईनं माझ्याकडं पाहिलं. रागानं नाय. तिनं बाही खाली केली. "तुमी म्हनता तसं," म्हनली आन् लुगडं बदलाया घरी गेली. निंबाखालचे पांगले. सिस्टर तीनपतोर बसली, मंग डबा उचलून गेली.

चवथ्या मंगळवारच्या दुसऱ्या दिशी तिला ताप आला. दोन दिवस काढा, निंबाचा पाला, अंगारा. तिसऱ्या दिशी तिला बोलता बोलता दम पुरंना. प्रांजलीनं कुठनं तरी बोटाला लावायचा चिमटा आनला. त्याच्यावर आकडा आला, अठ्ठ्याहत्तर. "एवढा खाली नसतो मामा," म्हनली. अंबुलन्सचा फोन लागंना. हैदरला लावला. त्यो रोजाच्या पोटी मेंढराचा टेम्पो घेऊन आला, आतून धुऊन आनलेला. घोंगडं हांथरलं, तिला निजवली. अंगद पुढं, मी मागं तिचं डोकं मांडीवर घेऊन.

वाटंनं ती डोळे उघडायची, मिटायची. हायवेला टेम्पो लागला तवा तिनं मपला हात धरला.

"खरं सांगाल?"

"काय?"

"त्या दिशी... काय बोलले हुते मी? तुमी उलगडलं त्ये नगं. मपल्या तोंडचं सांगा."

तवा सुदीक मला खोटं सुचत हुतं, पाहा. पर नाय बोलवलं. "देवी काढा म्हनलीस. समद्यायच्या देवी काढा."

तिची छाती भात्यावानी वरखाली. मंग उजवा हात हळूहळू डाव्या दंडावर नेला, चोळीवरनंच ती जागा चाचपली.

"आगं माय," म्हनली. "मंग काढायच्या हुत्या की वं."

त्याच्यानंतर ती माझ्यासंगं बोलली नाय. बोलायला दमच नव्हता, आसं अंगद म्हंतो. मला त्येच धरून ऱ्हावं लागतं.

शहरात चार दवाखाने फिरलो, कुठंच खाट नव्हती. पाचव्यात मिळाली. आमाला बाहीर ठिवलं. आखाजी आन् ईद त्या साली एकाच दिशी आली. त्या दिशी दुपारी अंगदच्या फोनवर निरोप आला. तोंड पाहू दिलं नाय, पिशवीत बांधलेलं. शहराच्या मसनवट्यात रांग हुती, तिथं सुदीक रांग. मंगळसूत्राचे मनी आन् चार बांगड्या कागदात बांधून हातात दिल्या. चाळीस वर्सं मपल्यासंगं माळ तुडवला तिनं, आन् मला तिला चार पावलं उचलता आली नाय. गाढवासारखा रडलो मी तिथं. हैदरनं पाठीवर हात ठिवला हुता. ईदीच्या दिशी त्यो घरी गेला नव्हता.

तेराव्यानंतर मेंढरं घेऊन निंबाकडनं निघालो तर मरीआईच्या शेजारी एक नवा दगड. शेंदूर लावलेला, हिरवी खनचोळी, बांगड्या. सर्जेराव तिथंच हुता.

"ह्ये काय?"

"दगडाबाई." त्यानं हात जोडले. "तिनं वाडीची पीडा मपल्या अंगावर ओढून घेतली, केरबा. ती गेल्यापासनं वाडीत एक मयत नाय. आईनं आपलं मानूस नेलं आन् वाडी सोडली."

खरंच मयत नव्हती. रोग सगळीकडंच उतरला हुता, प्रांजलीनं मोबाईलवर वाचलं. पर वाडीला कोन सांगनार? एक बाई त्या दगडापुढं लेकरू लोळवीत हुती. दगडी जित्तेपनी कुनाच्या लेकराला धरायची तर आया म्हनायच्या, मेंढराचा वास लागंल.

मिरगाच्या आधी यास्मिन सिस्टर फिरून आली. त्येच टेबल, त्योच निळा डबा. मी पयला जाऊन बसलो. बाही खांद्यापतोर वर केली. "द्या," म्हनलं.

ती माझ्याकडं पाहून हळूच बोलली, "काकू गेल्या ते कळलं मला." मंग रजिस्टर उघडलं. "नाव लिहिते तुमचं. पण काका, दहा लागतात. अजून नऊ आणा, मी लगेच फोडते बाटली."

अंगद, प्रांजली वयात बसत नव्हते. मी उठलो. बाही तशीच वर. वाडीत घरोघर गेलो. जे पयल्या दिशी सांगायचं हुतं त्ये दारोदार सांगत फिरलो. मी चुकीचं उलगडलं. देवी काढा म्हंजी सुई घ्या. दगडीच्या दंडावर वन हुते, तिच्या बहिनीची गोष्ट आशी आशी. अंगाला सुई नको ह्ये देवी बोललीच नव्हती, त्ये मपल्या मनचं, रांगेत लोक हसले त्या रागाचं.

बाया पदर तोंडाला लावून आत गेल्या. एकजन म्हनला, बायकूच्या दुःखानं डोस्कं फिरलंय म्हाताऱ्याचं, च्या द्या त्याला. सर्जेरावानं मातर मला वट्यावर बसवून घेतलं, शांतपनं.

"केरबा, देवी खोटी का तू खोटा?"

"मी. मी खोटा."

"तवा खोटा हुतास?"

"व्हय."

"मंग आता खरा कशावरनं?"

  चाळीस वर्सं त्यायनं माझं ऐकलं, कदी इचारलं नाय कशावरनं म्हनून. पयल्या डाव खरं बोललो तवा इचारलं.

शाळंत माघारी आलो. संगं एकटा म्हातारा कचरू आला, त्याला डोळ्यानं दिसत नाय. त्याला वाटलं रेशन वाटू राहिलेत. सुई म्हनल्यावर त्यो म्हनला, बसतो आता आलोय तर. मी आन् कचरू, दोघं. बाकावर बसून राहिलो, दंड उघडे टाकून. उन्हं वरांड्यात आली, पायावर आली. समोर निंबाखाली त्या दगडाला कुनी नारळ फोडला. खोबऱ्याचा तुकडा एका पोरीनं आमाला बी आनून दिला.

"सिस्टर, दोघायसाठी फोडा ना," मी म्हनलं. "मेंढराला सुदीक एवढं मोजत नाय."

तिच्या डोळ्यात पानी आलं. "आठ डोस फेकले तर मला वर जाब द्यावा लागतो काका. शेजारच्या गावात लोक रांगेत उभे आहेत, त्यांना कमी पडतात."

तीन वाजता तिनं बाटली हातात घेऊन पाहिली. बोटाच्या पेरायेवढी, बर्फानं घाम फुटलेली. मंग डब्यात ठिवली आन् झाकन लावलं. "दहा झाले की फोन करा," म्हनली. "मी नक्की येईन."

कचरू म्हनला, "झालं का? टोचली का मला? कळलं सुदीक नाय."

त्याला हाताला धरून घरी सोडलं. मंग मी बाही खाली केली आन् मेंढरं सोडायला गेलो.